अबोलीचा टाक

त्या खोलीच्या दाराला कडी होती, पण बाहेरून. आतल्या बाजूला नुसतं गुळगुळीत लाकूड. खिटी नाही, अडसर नाही. मी दार पुढं-मागं करून पाहिलं आणि बाहेर येऊन कडीला हात लावला. बोटाला तेलाचा वास आला. कडीला नुकतंच तेल घातलेलं होतं.

"वाऱ्यानं दार आपटतं," यशोधन मागून म्हणाला. "दरीवरचं घर आहे. बाहेरून लावलेलं बरं असतं."

तो इतक्या जवळ येऊन उभा राहिलाय हे मला कळलंच नव्हतं. अंगावर सर्रकन काटा आला, आणि खरं सांगते, तो काटा मला आवडला. हसू नका. माझं तेव्हाचं डोकं कसं होतं ते आधी सांगायला हवं.

मी तेव्हा सावंतवाडीत आईजवळ राहत होते. तिशी जवळ आली होती. वाळवलेल्या फुलांची गळ्यातली पदकं करून विकायचा माझा धंदा होता. जुन्या इंग्रजी कादंबऱ्यांची मराठी रूपांतरं मी वाचनालयातून आणून अधाशासारखी वाचायची. कड्यावरचा बंगला, धुकं, कमी बोलणारा मालक, त्याची गेलेली बायको, आणि जिन्यावर उभी असलेली काळ्या कपड्यातली एक बाई. माझी पदकंही तसलीच. खाली काळ्या रेझिनचा, म्हणजे ओतून घट्ट होणाऱ्या राळेचा, थर, त्यावर वाळलेली गुलाबकळी, जुन्या झालरीचा तुकडा, एखादी गंजकी किल्ली, आणि वरून पारदर्शक थर. फुलं मी दोऱ्यानं बांधत नसे. दोरा रेझिनमध्ये फुगतो, बुडबुडे धरतो. मी माझ्याच डोक्यावरचा लांब केस घेऊन त्यानं देठ बांधायची. तो दिसतही नाही आणि सुटतही नाही.

पणजीच्या एका प्रदर्शनात कॉलेजातली एक मुलगी म्हणाली, "ताई, हे एकदम गॉथिक आहे." मला वाटलं नावं ठेवतेय. मग कळलं, कौतुक होतं. तेव्हापासून मी पाटीवरच लिहायला लागले, 'गॉथिक फुलपदकं'. आईनं विचारलं, ह्या गॉथिक म्हणजे काय गो? मी सांगितलं, भीती वाटते पण बघावंसंही वाटतं, तसं काहीतरी. आई म्हणाली, "मग लगीन कर. तां तसाच असता."

अशात मामानं हे स्थळ आणलं. यशोधन रावराणे. काजूचा कारखाना, आंबोलीच्या वरच्या अंगाला दरीकाठी बंगला. बायको दोन वर्षांमागं धुक्यात दरीत पडून गेलेली. मूलबाळ नाही. घरात तो आणि त्याची आई, दोघंच. मामानं एवढं सांगेपर्यंत माझं लग्न मनातल्या मनात लागूनही गेलं होतं. आणि माणूस दिसायला राजबिंडा, बोलायला हळू. समोरच्याला वाटावं, हा आपल्यापाशीच बोलतोय.

तर श्रावणात आम्ही घर बघायला गेलो. मी, आई आणि मामा. खाली आई आणि मामा चहा घेत होते आणि यशोधन मला वरची खोली दाखवत होता. खिडकीच्या बाहेर दरी होती म्हणतात. दिसत होतं ते नुसतं धुकं. तिथंच पडली सुलक्षा, तो म्हणाला. मी कारखान्यात होतो. माझी आई तिच्याबरोबर होती, तिनंच पाहिलं. देह मिळाला नाही. एवढं बोलून तो खिडकीकडं तोंड करून उभा राहिला. माझा जीव त्याच्यासाठी तीळ तीळ तुटला.

खाली येताना उंबऱ्याच्या फटीत काहीतरी हिरवं चमकलं. वाकून पाहिलं तर काकणाचे दोन तुकडे. त्याची पाठ होती तेवढ्यात मी ते उचलून रुमालात बांधले. गेलेल्या बाईची काकणं! माझ्यासारखीला आणखी काय हवं होतं?

त्याची आई, इंदुमतीकाकू, उंच आणि वाळकी बाई. काळसर लुगडं, तोंडावर हसू म्हणून नाही. म्हणजे काळ्या कपड्यातल्या बाईची जागाही भरलेली होती. मागच्या अंगणात अबोलीचा ताटवा होता, तो सुलक्षानं लावलेला. ती गोव्याकडची, पेडण्याची. मी फुलं मागितली तर काकूंनी न बोलता ओंजळभर तोडून दिली. मग माझ्या पायांकडं बघून म्हणाल्या, "ह्या असल्या सपाता घालून आलीस? इथं पट्ट्याची चप्पल लागते. पायातनं निसटली नाही पाहिजे."

मी बरं म्हटलं. त्यांनी घराकडं एकदा बघून घेतलं आणि आवाज खाली आणला. "ह्या घरात बाई टिकत नाही. आईला सांग, दुसरं बघा म्हणावं."

सून पडली तेव्हा तिथं हजर असलेलं माणूस एकच, आणि ते माझ्यापुढं उभं राहून हे सांगत होतं. मी फुलं पदरात घेतली आणि जवळजवळ पळतच आत आले.

आत आई देव्हाऱ्यापुढं उभी होती. आमच्यात गेलेल्या माणसाचा टाक करतात. चांदीचा छोटा पत्रा, त्यावर उठवलेली आकृती, आणि तो देवांच्या रांगेत पूजेला बसतो. रावराण्यांच्या देव्हाऱ्यात टाकांची रांगच होती. यशोधनचे वडील, आजोबा, काकूंची पाळण्यातच गेलेली एक मुलगी. त्या तान्हीचासुद्धा टाक होता, नखाएवढा. सुलक्षाचा नव्हता.

मागोमाग आलेल्या काकूंना आईनं त्याबद्दल विचारलं. काकू म्हणाल्या, केला नाही. आई म्हणाली, दोन वर्षं झाली की. आणि बिजवराला मुलगी द्यायची तर सवतीचा टाक आधी तिच्या गळ्यात घालायचा, मग मंगळसूत्र, हे तुमच्यात नाही का? नाहीतर पहिली दुसरीला सुखानं नांदू देत नाही. "आमच्यात नाही," काकूंनी तोडूनच टाकलं. यशोधन म्हणाला, आई, का नाही, करू की. काकू कपबशा घेऊन उठून गेल्या.

घाट उतरून घरी पोचल्यावर आईनं निकाल दिला, "सवतीचो टाक गळ्यात पडल्याशिवाय मंगळसूत्र घालूचा नाय. मगे राजा येवंदेत मागणी घालूक."

मग मी करते टाक, मी म्हटलं. तिनं लावलेल्या फुलांचा, तिच्या काकणांचा. चांदीपेक्षा तो तिला जास्त पोचेल. आईनं होकारार्थी मान हलवली. मूर्ती नसली तरी वस्तू तिची आहे, चालेल, म्हणाली. पण तो त्यांच्या देव्हाऱ्यात टाकांच्या रांगेत बसला पाहिजे, सासूच्या हातानं पूजा झाली पाहिजे, मगच गळ्यात.

पावसाळ्यात रेझिन ओतणं म्हणजे विंचवाशी खेळ. हवेतला दमटपणा लागला की ते पांढरं पडतं. अबोली मी चुलीवर तापवलेल्या वाळूत घालून वाळवली, रंग छान राहिला. केसानं देठ बांधले, गोल वेढा केला, मधोमध हिरव्या काकणाचे दोन तुकडे. पहिल्यांदा ओतलं ते दुधासारखं झालं. दुसऱ्यांदाही तसंच. आई दारात उभी राहून म्हणाली, तिच्या मनात दिसत नाय. मग मात्र मला खरोखर भीती वाटायला लागली. मी नारळ ठेवला, सुलक्षाला हात जोडले आणि तिसऱ्यांदा ओतलं. ते आरसपानी निघालं.

या दिवसांत यशोधनचा रोज संध्याकाळी फोन यायचा. आज कुठं गेली होतीस, घरी कोण आलं होतं, किती वेळ बसलं, दार कोणी उघडलं. लग्नानंतर पदकं विकायची नाहीत, माझ्यासाठीच करायची, असं तो म्हणायचा. किती जीव लावतो, मला वाटायचं. आईला हे सांगितलं तर ती नुसती तांदूळ निवडत राहायची.

पदक घेऊन मी वर गेले ती मामाबरोबर. आईच्या गुडघ्यांना घाट नको होता. मामाला पुढं आजऱ्याला काम होतं. त्यानं मला फाटकाशी सोडलं आणि चारच्या सुमारास खालच्या वळणावर चहाच्या टपरीशी थांबतो, तिथून वर घ्यायला येतो, असं सांगून तो गेला. त्याची गाडी दहा पावलांवर धुक्यात नाहीशी झाली. पायात मी पट्ट्याची चप्पल घातली होती. का, ते मलाही सांगता आलं नसतं. काकूंची भीती मनात बसली होती, आणि भीती वाटते त्याचं माणूस ऐकतं.

शिवाय माझ्या डोक्यात एक खूळ होतं. सुलक्षाला दरीत ढकललं ते काकूंनीच, याची मला जवळजवळ खात्री पटली होती. टाक पुढं ठेवल्यावर त्यांचा चेहरा कसा होतो ते मला पाहायचं होतं. वाटलं होतं, यशोधनसमोर त्यांचं पितळ उघडं पाडू.

यशोधननं माझं कौतुक केलं, पाट दिला, पदक हातात घेतलं आणि उजेडाला खिडकीशी नेलं. काकू आतल्या दारात तबक घेऊन उभ्या होत्या.

"हे हिरवं काय आहे?" त्यानं विचारलं.

"काकणं. त्यांचीच असतील. वरच्या खोलीच्या उंबऱ्यात मिळाली मला."

त्यानं पदक अगदी जपून टेबलावर ठेवलं. माझ्याजवळ आला आणि माझा हात हातात घेतला, माझ्या बांगड्या बघतोय असं वाटावं तसा. तोंडावर हसू होतं. मग त्याची बोटं आवळली. आवळतच गेली. मी म्हटलं, दुखतंय. तो माझ्या डोळ्यांत बघत राहिला. कट्ट आवाज झाला आणि माझ्या काचेच्या बांगडीचे तुकडे पायाशी पडले.

"ह्या घरातली वस्तू मला विचारल्याशिवाय उचलायची नाही," तो म्हणाला. चहात साखर किती घालू, असं विचारावं त्याच आवाजात.

मनगटावर रक्ताचा थेंब आला होता. त्यानं स्वतःचा रुमाल काढून तो टिपला. फुंकर घातली. फार लागलं का गं, म्हणाला. बांगडी फुटली तेव्हा भ्यायले नव्हते तेवढी मी त्या फुंकरीनं भ्याले. पायाशी पडलेले तुकडे बघितले आणि टेबलावरच्या पदकातले बघितले. ती काकणं कशी फुटली असतील हे मला कुणी सांगायची गरज उरली नव्हती. वर दाराची कडी बाहेरून होती, तिला तेल होतं, आणि ते वाऱ्यासाठी नव्हतं.

मी काकूंकडं पाहिलं. त्या माझ्याकडं बघतच नव्हत्या. त्या त्याच्या हाताकडं बघत होत्या. मारकुट्या बैलाच्या शिंगांकडं घरचं माणूस बघतं तशा.

"चल आई, पूजा कर," यशोधन मोकळेपणानं म्हणाला. "हे टाकांत ठेव आणि आजच घाल हिच्या गळ्यात. हिच्या आईचंही समाधान."

काकू देव्हाऱ्यापाशी आल्या. पदक तळहातावर घेतलं. टाकांच्या रांगेत, त्या नखाएवढ्या टाकाशेजारी जागा होती. काकूंचा हात तिथवर गेला आणि मागं आला.

"ठेव ना."

"नको."

"का नको?"

"जितं माणूस मेलेल्यांच्या रांगेत बसवायचं नाही," काकू म्हणाल्या. आवाज फाटला होता. "काही कर, माझ्या हातून ते होणार नाही." आणि बोलून गेल्यावर त्यांनी तोंडावर हात दाबला.

बाहेर पागोळ्या टपटपत होत्या. यशोधन हळूच पुढं झाला.

"जितं कोण, आई?"

तेव्हा माझ्या लख्ख लक्षात आलं. जी बाई पाळण्यातल्या पोरीचा टाक करते, ती सुनेचा विसरेल कशी? ती विसरली नव्हती. तिला करता येत नव्हता. साऱ्या जगाशी ती खोटं बोलली होती, पोटच्या मुलाशी बोलली होती. पण जिवंत बाईला मेलेल्यांत बसवलं तर ती मरेल, ही भीती तिला ओलांडता आली नव्हती. आणि आता मी केलेल्या पदकानं ते तिच्या तोंडून काढलं होतं. मी गप्प बसले असते तर पुढचं त्यानं काढलं असतं, तिच्याकडून, माझ्यासमोर. आणि मग तो सुलक्षाला शोधत गेला असता.

"मी," मी म्हटलं.

तो माझ्याकडं वळला.

"त्या माझ्याबद्दल बोलतायत. फुलं मी माझ्या केसानं बांधलीत. नेहमीच बांधते. आल्या आल्या मी काकूंना सांगून बसले. जित्या माणसाचा केस मेलेल्यांच्या रांगेत ठेवायचा म्हणजे माझंच मरण मागायचं. मला सुचलंच नाही."

त्यानं काकूंच्या हातातून पदक घेतलं आणि उजेडात धरलं. अबोलीच्या देठांभोवती केस होता, बारीक, काळा. तो बघत राहिला. मग माझ्यामागं येऊन उभा राहिला. माझी वेणी त्यानं उचलली, बोटांनी चाचपली आणि एक केस खसकन उपटला. तो पदकाला लावून त्यानं ताडून पाहिला.

"खरंच की," तो म्हणाला आणि हसला. "बायकांचं काय काय असतं. काढ मग तो केस."

"आता निघायचा नाही. मी दुसरं करीन. ताजी अबोली लागेल."

"मी देते तोडून," काकू म्हणाल्या.

त्यानं आम्हा दोघींकडं आळीपाळीनं पाहिलं. मग मागच्या पडवीत खुर्ची ओढून बसला. "जा. पण धुक्यात मला दिसायच्या नाहीत तुम्ही. बोलत राहा. आवाज येऊ दे."

त्यानं पाटाशी ठेवलेलं पदक मी उचलून कनवटीला खोचलं आणि काकूंच्या मागं गेले. ताटव्यापाशी पोचलो तेव्हा पडवी धुक्यात बुडाली होती. खुर्ची मात्र कुरकुरलेली ऐकू येत होती.

"ही कळी नको गं, ती उमललेली घे," काकू मोठ्यानं म्हणाल्या. आणि लगेच माझ्या कानाशी, "चप्पल कसली आहे?"

"पट्ट्याची."

"ह्या कुंपणाला भोक आहे. खाली पायवाट. डावीकडं वळू नको, तिकडं दरी आहे. उजवा हात झाडांना लावत जा. रस्ता लागेल." मग मोठ्यानं, "देठ ठेव लांब! देठाशिवाय बांधणार कशी?"

मी मोठ्यानं म्हटलं, "हो काकू, ही बघा." आणि हळूच विचारलं, "त्या कुठं आहेत?"

"आहे. कुठं ते विचारू नको, तुला ठाऊक नसलेलं बरं. माहेरी धाडली असती, पण तिच्या भावानं तिला आधी दोनदा परत आणून घातली होती. मग मीच काढली इथनं, आणि दरीत गेली म्हणून बोंब मारली. तुलाही नको म्हणून सांगितलं होतं. ऐकलं नाहीस."

"तुम्ही पण चला."

"मी गेले तर त्याला कळेल. मी इथं आहे तोवर ती मेलेली आहे," काकू म्हणाल्या. माझ्या पाठीवर हात ठेवला आणि ढकललंच. "जा."

कुंपणाच्या काट्यांनी पदर फाटला. पायाखाली चिखल, पुढं काही दिसत नव्हतं, उजव्या हाताला ओली खोडं लागत होती. आणि वरून काकूंचा आवाज येत होता. त्या एकट्याच बोलत होत्या. अगं हळू. हं, ही चांगली आहे. अशी नाही, दोन-दोन घेऊन गाठ मार. माझ्याशी कधी दोन शब्द धड न बोललेली बाई धुक्यात उभी राहून नसलेल्या सुनेशी बोलत होती.

मग यशोधनचा आवाज आला. "अनुजा? तू का बोलत नाहीस?"

मी जागच्या जागी थिजले. पाय उचलला असता तर पाचोळा वाजला असता.

"दोरा धरलाय दातात तिनं," काकू म्हणाल्या. "अबोलीचा वळेसर गुंफतोय आम्ही. बोलायला लावशील तर सुटेल सगळं."

खुर्ची कुरकुरली. तो उठला, का नुसता हलला, कळलं नाही. मी चपलेचे पट्टे आवळले आणि पळत सुटले. दोनदा पडले. रस्ता लागला तिथून खाली टपरीचा स्टोव्ह ऐकू येत होता. मामा बशीत चहा ओतत होता. माझ्याकडं बघून त्यानं बशी तशीच खाली ठेवली आणि गाडी सुरू केली.

आईला मी सगळं सांगितलं. फक्त सुलक्षा जिवंत आहे हे नाही. ते मी कुणालाच सांगितलं नाही. आईनं माझ्या मनगटाला हळद लावली. यशोधन एकदा आला, गोड बोलला, काही गैरसमज झालाय म्हणाला. मी आतल्या खोलीत कडी लावून बसले होते. आतून लागणारी कडी किती मोठी गोष्ट असते, ते मला त्या दिवशी कळलं. आई ओटीवर सूप घेऊन बसली होती. तिनं मान वर न करता सांगितलं, "देवळात कौल लावलो. देवान डावो दिलो. आता माझ्या हातात काय नाय." कौल लावलाच नव्हता. देवाच्या नावानं आई जन्मात तेवढंच एकदा खोटं बोलली. देवानं नाही म्हटल्यावर आमच्याकडं वाद घालता येत नाही. तो अंगणात बराच वेळ उभा राहिला, खिडक्यांकडं बघत, आणि निघून गेला.

काकूंचं पुढं काय झालं, ते मला कळायला मार्ग नव्हता. विचारायची हिंमत नव्हती. धुकं पडलं की तो एकटा बोलणारा आवाज मला ऐकू यायचा. पदकं करायची मी थांबवली नाहीत, पण पाटीवरचा 'गॉथिक' शब्द पुसून टाकला.

पुष्कळ वर्षं गेली. गेल्या माघात एका दुपारी बाजारातल्या माझ्या दुकानात एक बाई आली. पन्नाशीकडं झुकलेली, साधी साडी, हातात कापडी पिशवी. काचेतली पदकं तिनं बघितली नाहीत. माझ्याकडंच बघत होती.

"तू अनुजा न्हय?" तिनं विचारलं. "इंदुमतीबायनी तुझं नाव सांगितलेलं."

ते गोव्याकडचं बोलणं ऐकून मी उठून उभी राहिले. तिनं नाव सांगायच्या आधीच मी शटर अर्ध्यावर ओढलं.

सुलक्षा बेळगावात शिवणकाम करत होती. काकू वर्षातून एकदा देवाला जातो म्हणून सांगून तिला भेटून यायच्या. आमच्या त्या दिवसानंतर काकूंचा डावा हात खांद्याच्या वर कधी गेला नाही, हे तिनं सांगितलं. कशामुळं ते तिनं सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. अनुजाला आपणच हाकलून लावलं, असं काकूंनी त्याला सांगितलं होतं. आणि नंतर बाजारात, देवळात, पाणवठ्यावर सांगत सुटल्या होत्या, की गेलेली थोरली सून धुक्यात फिरते, नव्या मुलीचा गळा धरते. त्या घरात मुलगी द्यायला पुन्हा कुणी धजलं नाही. तो आहे अजून. एकटाच.

"बाय पौषात गेल्या," सुलक्षा म्हणाली. "त्यानं टाक करूक ना. तो करचो ना. आणि मी कसा करू? मी मेलेली." तिनं पिशवीतून रुमाल काढून सोडला. आत वाळून मातकट झालेला अबोलीचा वळेसर, केळीच्या धाग्यात गुंफलेला गजरा, होता. "मला धुक्यात काढली त्या दिवसा त्यांनी हा माझ्या केसांत माळला. घरची सवाष्ण उघड्या केसांनी वाटेला लावूची न्हय म्हणून."

मी खण उघडला आणि ते जुनं पदक काढून तिच्या हातात दिलं. तिची अबोली, तिची काकणं. ती ते उलटं-पालटं करून बघत राहिली. मग गळ्यात घातलं आणि साडीच्या आत सारलं.

काकूंचं पदक मी त्याच आठवड्यात ओतलं. वळेसरातली फुलं सोडवली, वाकडीतिकडी होती तशीच लावली. बांधायला सवयीनं केस ओढायला हात वर गेला आणि थांबला. जित्या माणसाचं त्यात काही घालायचं नव्हतं. मग वळेसराचाच केळीच्या सोपाचा धागा घेतला, काकूंनी स्वतः ओढलेला, आणि त्यानं बांधलं. एकदाच ओतलं. आरसपानी निघालं.

सकाळी आंघोळ करून मी ते आमच्या देव्हाऱ्यात, बाबांच्या टाकाशेजारी ठेवलं. आई आता थकलीय, डोळ्यांना कमी दिसतं. फुलं वाहताना तिच्या बोटांना ते लागलं. तिनं ते चाचपलं.

"ह्यो कोणाचो टाक गो?"

"माझ्या सासूचा," मी म्हटलं.

माझं लग्न कधी झालेलं नाही, हे आईला ठाऊक आहे. तरी करंडा उघडून तिनं त्या पदकाला हळद लावली, कुंकू लावलं, आणि पदर डोक्यावर ओढून नमस्कार केला.